वाटाण्याचा अंकुर, येडगावची विहीर आणि मधले पाच दिवस

हा भाग मी येडगावला आजीच्या पडवीत बसून रेकॉर्ड केलाय, त्यामुळे ऑडिओत मागे पाण्याची मोटर आणि मधूनच कोंबडा ऐकू येईल. ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचायला बरं वाटतं त्यांच्यासाठी नेहमीप्रमाणे हा मजकूर. अडखळणं तेवढं काढलंय, बाकी बोललो तसंच ठेवलंय.

सुरुवात बिबट्यापासून करतो. आमच्या जुन्नर तालुक्यात कुठल्याही गप्पा सुरू तरी बिबट्यापासून होतात, नाहीतर संपतात तरी तिथं. जानेवारीत शेजारच्या उसाच्या कडेला ट्रॅप कॅमेरा लावला होता. त्या कॅमेऱ्यासमोरून ऊबदार अंगाचं काही हललं की तो आपोआप फोटो काढतो, आणि हा कॅमेरा एका दमात तीन काढायचा. तसे तीन फोटो व्हॉट्सॲपवर आले. पहिल्यात उसातून बाहेर आलेलं तोंड आणि पुढचे दोन पाय. दुसऱ्यात अख्खं जनावर, आडवं. तिसऱ्यात नुसती शेपटी आणि एक मागचा पाय. मी आजीला मोबाईल दाखवला, बोटानं एकेक पुढे सरकवले. आजी म्हणाली, "आरं, कसा निवांत चालत गेला बघ!"

आता गंमत बघा. चालत जाणारा बिबट्या आजीनं पाहिलाच नव्हता. तिनं तीन थांबलेले बिबटे पाहिले. चालणं तिनं स्वतःच्या डोक्यात तयार केलं.

आजचा अख्खा भाग खरं तर एवढ्यावरच आहे. थांबलेलं चित्र आणि हलणारं चित्र यांचं नातं काय, आणि प्रायोगिक फिल्म करणारी माणसं या नात्याशी एवढी खेळत का बसतात. 'प्रायोगिक' म्हटलं की आपण दचकतो. न कळणारं, लांबलचक, शेवटी टाळ्या वाजवायच्या की नाही हे न समजणारं काहीतरी, असा एक समज आहे. तो अगदीच खोटा नाही, मीही दोन-चार वेळा झोपलोय. पण आज मी ज्या प्रयोगांबद्दल बोलणार आहे ते तुम्हाला घरी करता येतील.

मूळ गोष्ट तुम्हाला माहीत असेलच. फिल्ममध्ये हालचाल नसते, फोटो असतात, एकामागून एक. प्रोजेक्टर एक फोटो दाखवतो, मग झडप मिटते, त्या अंधारात पुढचा फोटो खाली ओढला जातो, झडप उघडते. म्हणजे थिएटरात आपण तिकीट काढून बसतो त्यातला बराच वेळ पडदा चक्क काळा असतो. आपल्याला ते कळत नाही. शाळेत याचं कारण 'दृष्टिसातत्य' असं शिकवतात: डोळ्यावर चित्राचा ठसा थोडा वेळ राहतो, म्हणून चित्रं जोडली जातात. हे अर्धंच खरं आहे. नुसते ठसे राहिले असते तर एकावर एक चित्रांचा चिखल दिसला असता. हालचाल दिसते ती मेंदूमुळे. इथे काहीतरी होतं, आता तिथे आहे, म्हणजे ते इथून तिथे गेलं असणार, असं तो ठरवून टाकतो. जर्मनीत माक्स वेर्थहायमर नावाच्या मानसशास्त्रज्ञानं यावर प्रयोग करून आपला निबंध छापला, तो १९१२ साली.

आणि त्याच १९१२ साली मुंबईत एक मराठी माणूस एका कुंडीसमोर कॅमेरा लावून बसला होता.

धुंडिराज गोविंद फाळके. दादासाहेब म्हटलं की आपल्याला थेट 'राजा हरिश्चंद्र' आठवतो, ३ मे १९१३, कॉरोनेशन थिएटर. पण त्याआधीचे फाळके हा माझ्या मते जास्त रंजक माणूस आहे, कारण त्याआधीची वीसेक वर्षं त्यांनी जवळजवळ सगळी थांबलेल्या चित्रांत घालवली. जे. जे. स्कूलमध्ये चित्रकला, मग बडोद्याच्या कलाभवनात शिक्षण, तिथेच फोटोग्राफीचा नाद. गोध्र्याला फोटो स्टुडिओ काढला. तिथे प्लेगात पत्नी आणि मूल गेलं. पुढे बडोद्यात पुन्हा धंदा मांडला, तर कॅमेरा माणसाच्या अंगातली शक्ती ओढून घेतो आणि माणूस मरतो अशी वदंता पसरलेली. लोक फोटोला बसेनात. पुरातत्त्व खात्यात नोकरी केली. लोणावळ्याला रविवर्म्यांच्या छापखान्यासाठी शिळाछापाचं काम केलं. मधेच जादू शिकले आणि 'प्रोफेसर केळफा' या नावानं प्रयोग करू लागले. केळफा म्हणजे फाळके उलटं वाचा.

फोटोग्राफर, छपाईवाला आणि जादूगार. अशा माणसानं मुंबईच्या तंबूत ख्रिस्ताच्या आयुष्यावरची फिल्म पाहिली आणि त्याला झोप लागेना, यात नवल नाही. १९१२च्या फेब्रुवारीत ते लंडनला गेले, विल्यमसन कंपनीचा कॅमेरा घेतला, तंत्र समजून घेतलं आणि परत आले. आता पैसे हवेत. पैसेवाल्याला कसं पटवायचं? त्यानं फिल्म पाहिलेली असते, पण ती साहेबाची. आपल्याकडचा माणूस ती बनवू शकतो हे त्याला दिसायला हवं. नट नाहीत, कपडे नाहीत, सेट नाही. फाळक्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा ठेवला आणि महिनाभराहून जास्त काळ त्याची थोडी थोडी चित्रं घेत राहिले. दाखवताना सगळी सलग दाखवली. दाणा फुटतोय, कोंब वर येतोय, वेल होतोय. 'अंकुराची वाढ'. ती पाहून यशवंतराव नाडकर्णींसारख्यांनी कर्ज द्यायची तयारी दाखवली. विम्याची पॉलिसी गहाण पडली ती पडलीच.

म्हणजे आपल्या सिनेमाची सुरुवात देवादिकांपासून झाली असं आपण म्हणतो, पण त्या देवांच्या आधी एक वाटाणा आहे. आणि तो प्रायोगिक फिल्मच आहे. त्यात गोष्ट नाही, पात्र नाही, विषय आहे तो वेळ.

या फिल्मबद्दल एक गोष्ट सगळीकडे सांगितली जाते, की फाळके रोज एकच फ्रेम घ्यायचे आणि फिल्म मिनिटभराची झाली. मी वहीवर हिशोब करून पाहिला. तेव्हाची फिल्म साधारण सेकंदाला १६ चित्रं या वेगानं चालायची. ३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ चित्रं बसतात, म्हणजे सेकंदाला एक फूट, असं लक्षात ठेवा. मिनिटभराला ९६० चित्रं. रोज एकच चित्र घेतलं तर ९६० दिवस लागले असते, अडीच वर्षांहून जास्त! वाटाणा कधीच आमटीत गेला असता. उलट धरलं, रोज एक आणि दीड महिना, तर ४५ चित्रं, तीन सेकंदांत खेळ खलास. म्हणजे दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या असू शकत नाहीत. मिनिट खरं असेल तर रोज वीस-तीस चित्रं घेतली असणार. फिल्म आज उपलब्ध नाही, त्यामुळे मोजून बघता येत नाही. पण हा हिशोब केल्यावर मला त्या कामाचा खरा अंदाज आला. हातानं फिरवायच्या कॅमेऱ्याचा नेहमीचा दांडा एकदा फिरवला की आठ चित्रं निघून जातात. इथे एकेक चित्र मोजून घ्यायचं. कॅमेरा महिनाभर तसूभर हलता कामा नये. कुणी धक्का मारला, उंदरानं कोंब कुरतडला, की पुन्हा पहिल्यापासून.

मग मला वाटलं, आपणही करू. वाटाणा नको. पाणी.

येडगावचं धरण माहीत नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. कुकडी प्रकल्पात पाच धरणं आहेत: माणिकडोह, वडज, पिंपळगाव जोगे, डिंभे आणि आमचं येडगाव. नारायणगावच्या जवळच. वरच्या धरणांतलं पाणी आमच्याकडे येतं आणि इथून कालव्यानं पुढे नगर जिल्ह्याकडे जातं. आमची काही जमीन या पाण्याखाली आहे. त्या जमिनीत बांधीव विहीर होती. पाणी फार खाली गेलं की उन्हाळ्यात तिचा कठडा वर येतो. आजीची इच्छा होती की यंदा तो दिसला की तिला काठापर्यंत न्यावं. गुडघे चालत नाहीत, वय ऐंशीच्या घरात. मी म्हटलं, आजी, मी रोज फोटो काढतो, विहीर वर येताना तुला दाखवतो.

१ फेब्रुवारीला बांधावर लोखंडी अँगल रोवला, वर मोबाईल बसेल अशी खाच केली. रोज सकाळी आठ वाजता एक फोटो. आठच का? सावल्या रोज एकाच बाजूला पडायला हव्यात. पहिला धडा तिथे मिळाला: मोबाईल उजेड स्वतःच ठरवतो, त्यामुळे एक फोटो उजळ, एक काळपट. सुटे बघताना कळत नाही, सलग चालवले की ट्यूबलाइट बिघडल्यासारखं लुकलुकतं. उजेड कुलूपबंद करावा लागतो. फाळक्यांना हा त्रास किती झाला असेल याची कल्पना करा, आणि त्यांना निकाल रोजच्या रोज दिसतही नव्हता.

२८ मे पर्यंत ११२ फोटो झाले. सेकंदाला १२ या वेगानं साडेनऊ सेकंदांच्या आत संपतात. पण त्या साडेनऊ सेकंदांत मला जे दिसलं ते जन्मभर त्या काठावर खेळून दिसलं नव्हतं. मला वाटायचं उन्हाळ्यात पाणी आटत जातं, बस. तसं होत नाही. आवर्तन सुटलं की पाणी झरझर मागे हटतं, मग वरून डिंभ्याचं, माणिकडोहाचं येतं आणि ते पुन्हा काठावर चढतं. खाली, वर, खाली, थोडं वर, आणखी खाली. झोपलेल्या माणसाच्या पोटासारखं. यातला एकही फोटो हे सांगत नाही. ते फोटोंच्या मधे आहे.

आता थोडं मागे जाऊ. फोटोंच्या या 'मधल्या' जागेत माणसं फाळक्यांच्या आधीपासून शिरत होती. १८७८ मध्ये कॅलिफोर्नियात मायब्रिजनं घोड्याच्या वाटेवर ओळीनं कॅमेरे मांडले आणि आडवे दोरे ताणले. घोडा धावला, दोरे तुटत गेले, कॅमेरे उडत गेले. आमचा उसातला ट्रॅप कॅमेरा त्याचाच वंशज म्हणायचा. कल्याणच्या महादेवराव पटवर्धनांनी १८९२ मध्ये 'शांबरिक खरोलिका' सुरू केली. काचांवर रंगवलेली रामायण-महाभारतातली चित्रं दिव्यानं पडद्यावर पाडायची आणि इतक्या झपाट्यानं बदलायची की चित्रातली माणसं हलल्यासारखी वाटत. आणि स्वतः फाळक्यांनी पुढे, १९१५च्या सुमारास, आगकाड्या एकेक फ्रेमला सरकवून 'आगकाड्यांची मौज' केली. दाणा आपला आपण वाढतो, काडी आपण हलवतो, एवढाच फरक.

या वाटेवर नंतर मुंबईत एक भन्नाट माणूस होऊन गेला, प्रमोद पती. मूळचे ओडिशाचे, प्रागला ॲनिमेशन शिकून आलेले, नोकरी फिल्म्स डिव्हिजनमध्ये. हो, तीच सरकारी फिल्म्स डिव्हिजन, जिचे माहितीपट सिनेमाच्या आधी लागायचे आणि लोक तेवढ्यात वडापाव आणायला जायचे. त्याच संस्थेत पतींनी १९७२ मध्ये 'आबिद' केली. धर्मयुगातल्या ढब्बूजीचे आबिद सुरती त्यात आहेत. एक खोली, एक चित्रकार आणि रंग. पण सुरती चालत नाहीत, ते एका फ्रेमला इथे असतात, पुढच्या फ्रेमला तिथे. जिवंत माणसाला आगकाडीसारखं वापरलंय. हलू नका, फोटो, आता थोडे सरका, फोटो. परिणाम असा की माणूस जमिनीवरून घसरतो, उगवतो, नाहीसा होतो. पाचेक मिनिटांची फिल्म आहे, मिळाली तर जरूर बघा. आजीला दाखवली तर म्हणाली, "याच्या अंगात आलंय का?" मला वाटतं ही पतींना आवडली असती अशी समीक्षा आहे.

त्याच सुमारास, १९६९ नंतरच्या दोन-तीन वर्षांत, चित्रकार अकबर पदमसींनी नेहरू फेलोशिपच्या पैशांतून मुंबईत एक कार्यशाळा चालवली. तिथे त्यांनी रेषांची शेकडो चित्रं काढून 'सिझिजी' ही फिल्म केली, आवाजाशिवाय. नलिनी मालानी तेव्हा अगदी तरुण होत्या, त्यांनी तिथे पुठ्ठ्याच्या घरांच्या नमुन्यावरून 'ड्रीम हाउसेस' केली, तीही एकेक फ्रेमनं. ही मंडळी चित्रकार होती, त्यांना थांबलेल्या चित्राची ताकद माहीत होती. चित्र हलवायचं तर का हलवायचं, हा प्रश्न त्यांना पडायचा. व्यावसायिक सिनेमाला तो पडायला वेळच नसतो.

बरं, उलटा प्रवासही असतो. हलणाऱ्या फिल्ममध्ये थांबलेला फोटो ठेवला तर? फ्रान्समध्ये क्रिस मार्करनं १९६२ साली 'ला जते' केली. २८ मिनिटं, जवळपास सगळी फोटोंचीच. निवेदक गोष्ट सांगतोय आणि एकेक फोटो येतोय. आणि एका ठिकाणी, झोपलेल्या बाईचे फोटो चालू असताना, ती डोळे उघडते आणि पापणी लववते. तेवढंच, काही सेकंद. आयुष्यभर आपण माणसांना पापण्या लववताना बघतो, पण तिथे अंगावर काटा येतो. मार्करनं वीसेक मिनिटं हालचाल आपल्यापासून काढून घेतलेली असते, म्हणून.

आता आमच्याकडचा एकमेव जुना फोटो. १९७० च्या आसपासचा, याच विहिरीवर काढलेला. आजोबा मोटेच्या धावेवर उभे, बैलजोडी उताराला लागलेली. आजोबा स्वच्छ, कठडा स्वच्छ, पण एका बैलाची शेपटी नुसता धुरकट पट्टा आहे. फोटो काढताना झडप उघडी होती तेवढ्या क्षणात ती इकडून तिकडे गेली. म्हणजे फोटोही पूर्ण थांबलेला नसतो. त्यात वेळ असतो, सेकंदाचा अगदी लहानसा तुकडा का होईना, आणि त्या तुकड्यात बैलानं माशी हाकललेली आहे.

हा फोटो मी माझ्या साडेनऊ सेकंदांच्या आधी लावला, आठ सेकंद. आणि तो मेला. का ते कळायला वेळ लागला. खऱ्या फिल्मवर फोटो धरून ठेवतात तेव्हा तोच फोटो सेकंदाला २४ वेळा नव्यानं छापलेला असतो आणि प्रत्येक छापाचे दाणे वेगळे पडतात, त्यामुळे थांबलेलं चित्रही बारीक थरथरत असतं. मोबाईलवर आठ सेकंद म्हणजे तोच एक फोटो, निर्जीव. मग मी तो फोटो भिंतीवर टांगला आणि त्याचा आठ सेकंदांचा व्हिडिओ काढला. पंख्याच्या वाऱ्यानं फ्रेम किंचित हलते, काचेवर दाराचा उजेड आहे. आता चालतो.

आणि शेवटचा प्रश्न, ज्यासाठी खरं तर हा भाग केला. १३ ते १७ एप्रिल या पाच दिवसांचे फोटो नाहीत. त्या दिवसांत आजी दवाखान्यात होती, छातीत दुखलं म्हणून, आणि मी तिच्या कॉटशेजारी. मला फोटो आठवलेही नाहीत. १८ ला घरी आलो, सवयीनं आठ वाजता बांधावर गेलो, तर विहिरीचा कठडा वर आलेला होता. ७१ व्या फोटोत नुसतं पाणी, ७२ व्या फोटोत विहीर. जे दाखवायला मी सगळा खटाटोप केला, नेमकं तेच निसटलं.

अशा वेळी करता काय येतं? एक, काहीच न करणं. मेंदू आपणहून भरून घेतो, बिबट्या चालवला तसा. कुणाच्या लक्षातही येणार नाही. दोन, ७१ मधून ७२ हळूच उमलवणं. ॲपमध्ये एक बटण दाबलं की होतं, आणि दिसतं इतकं सुंदर की विहीर जणू पाण्यातून अलगद वर येतेय. मी ते केलं, तीन वेळा पाहिलं आणि पुसून टाकलं. कारण ते खोटं आहे. तसं कुणीच पाहिलेलं नाही. फाळक्यांच्या जादूगारीला माझा विरोध नाही, पण पाण्याची नोंद ठेवायची म्हणून बसलो होतो ना मी? तीन, पाच फोटो नाहीत तिथे पाच काळ्या फ्रेम टाकणं. सेकंदाला १२ या वेगानं अर्ध्या सेकंदाहून कमी. पापणी मिटल्याएवढंच.

मी काळ्या टाकल्या. तुमच्यातल्या काहींना हा हट्ट वाटेल. माझ्या संपादक मित्रालाही वाटला. तो म्हणाला, आजीसाठी करतोयस ना, मग उमलू दे की विहीर. त्याचं म्हणणं चूक आहे असं मला छातीठोकपणे सांगता येत नाही.

काल आजीला दाखवलं. आधी भिंतीवरचे आजोबा, मग पाणी खाली-वर, मग काळं, मग विहीर. तिनं विचारलं, "मधी अंधार का झाला?" मी म्हटलं, तू दवाखान्यात होतीस ते पाच दिवस. तिनं मान हलवली. म्हणाली, पुन्हा लाव. मग पुन्हा. चौथ्यांदा तिनं स्वतःच स्क्रीनवर बोट ठेवलं, व्हिडिओ थांबवायला, पण विहिरीच्या पुढे जाऊन थांबला. मी मागे घेऊन ७२ वर थांबवून दिला. तिनं चष्मा वर सरकवून तो फोटो बराच वेळ पाहिला, मग कठड्याखालच्या पाण्यावर नख टेकवून म्हणाली, "हितनं खाली सात पायऱ्या हायेत. चौथी फुटकी."